ब्याण्णवचं तेल

नागानुमाला भीती वाटते हे अख्ख्या पलटणीला ठाऊक होतं. वाटायची तशी सगळ्यांनाच, पण बाकीचे ती शिव्यांखाली झाकायचे आणि ह्या गड्याला शिवीसुद्धा धड देता यायची नाही. शत्रूच्या आरमाराने बेट भाजून काढायला सुरुवात केली, त्याला आज तिसरा दिवस होता. तोफगोळा पडला की गुहेच्या छतातून पोवळ्याच्या खडकाची पांढरी भुकटी पीठ चाळल्यासारखी खाली यायची, आणि नागानुमा गुडघे पोटाशी घेऊन डोळे मिटायचा. डोळे मिटल्याने गोळा चुकतो असं त्याला वाटत नव्हतं. पण उघडे ठेवून तरी काय बघायचं होतं?

त्या सकाळी वरच्या गुहेतला हलक्या मशीनगनचा नेमबाज मेला. खडकाची कपची उडून मानेत घुसली. लेफ्टनंटसाहेबांनी खाली निरोप धाडला की जड मशीनगनच्या टोळीतला एक माणूस ताबडतोब वर पाठवा. हवालदार इसोगाईंनी आपल्या चार माणसांवरून नजर फिरवली आणि ती नागानुमावर येऊन थांबली.

"नागानुमा, तू जा."

"मी, हवालदारसाहेब?"

"मग काय तुझी आई? तू गेलास तर माझं सगळ्यात कमी नुकसान. ऊठ."

कोपऱ्यात बसलेला हिगुची हसला. "नशीब काढलंस लेका. आता तुला पळता येईल."

हिगुची थट्टेत बोलला, पण बोलला ते खरं होतं. पलटणीत दोन तऱ्हेच्या मशीनगन होत्या. नागानुमाची टोळी जिची, ती जड. तिच्या नमुन्याचा आकडा ब्याण्णव, म्हणून तिला सगळे नुसतं ब्याण्णव म्हणत. तिपाईसकट पंचावन्न किलोचं धूड. हलवायची तर तिपाईच्या पायांत दांडे अडकवून चौघांनी खांद्यावर घ्यायची. नागानुमाच्या गावी उन्हाळी जत्रेत देवाची पालखी अशीच निघायची, आणि ब्याण्णव उचलताना त्याला नेहमी तीच आठवायची. फरक एवढाच, की पालखीपुढे लोक वाकायचे आणि ब्याण्णवपुढे लोक मरायचे. तिचा मारा संथ, एका ठेक्यात, कुणी लाकडावर सावकाश हातोडी मारावी तसा. पण लांबवर अचूक. एका जागी रोवली की पाय पसरून बसायची, आणि तिला सोडून जायची मुभा कुणालाच नव्हती. जपानच्या बादशहाची चीज ती. माणूस मेला तर दुसरा मिळतो, असं हवालदारसाहेब म्हणायचे, आणि ते थट्टेत म्हणत नसत.

हलकी ती नव्याण्णव. अकरा किलोची, एकटा माणूस बगलेत मारून धावू शकेल अशी. डोक्यावर तीस गोळ्यांची वाकडी पेटी. तडतड तडतड करून क्षणात पेटी रिकामी करायची, नळी तापून लाल व्हायची, की नळी बदला, जागा बदला, पळा. दोन्ही टोळ्यांचं एकमेकींशी कधी पटलं नाही. हलकीवाले जडवाल्यांना हमाल म्हणत. जडवाले म्हणत, तुमची ती बंदूक नाही, खोकला आहे.

तेव्हा वर जायचं म्हटल्यावर नागानुमाला हायसं वाटलं. अगदी खरं सांगायचं तर त्याला आनंद झाला, आणि त्या आनंदाची त्याला लाज वाटली. जडच्या चौघांत डावा मागचा दांडा त्याचा होता. तो आता कोण उचलणार हे त्याने विचारलं नाही. विचारलं असतं, तर कदाचित जाऊ नको म्हणाले असते.

तो निघाला तसा इसोगाईंनी हात पुढे केला. "डबी."

"अं?"

"तेलाची डबी ठेव इथं. ती ब्याण्णवची आहे, तुझ्या बापाची नाही."

नागानुमाने खिशातून ती चपटी, एका कडेला चेपलेली डबी काढली आणि दोन्ही हातांनी त्यांच्या हातात दिली.

ब्याण्णवला तेल लागायचं. तिच्या पाठीवर तेलाची एक छोटी टाकी होती. आत जाणाऱ्या प्रत्येक काडतुसावरून तेलाचा कुंचला फिरायचा. टाकी कोरडी पडली की झाडलेल्या काडतुसाचं नळकांडं आत चिकटून फाटायचं आणि बंदूक मुकी व्हायची. टाकी भरलेली ठेवणं हे नागानुमाचं काम. मांचुरियात सरावाच्या वेळी तो एकदा, एकदाच, विसरला होता. ऐन माऱ्यात बंदूक बंद पडली. इसोगाईंनी त्याला असं थोबडवलं की डाव्या कानात दोन दिवस शिट्टी वाजत होती. डबी चेपली ती तेव्हाच. ती हातात होती आणि तो तिच्यावर पडला. मग त्याला ब्याण्णवपुढे ताठ उभं केलं आणि रिवाजाप्रमाणे तिची माफी मागायला लावली. "ब्याण्णव मशीनगनसाहेब, शिपाई नागानुमाच्या हलगर्जीपणाने आपल्याला तेल मिळालं नाही. पुन्हा अशी चूक होणार नाही. क्षमा असावी." हे मोठ्या आवाजात, शंभर वेळा, बर्फात. शंभर झाल्यावर इसोगाई आले, त्याच्या हातात आपल्या वाटणीचा गरम भात ठेवला आणि निघून गेले.

त्या दिवसापासून झोपेत जरी कुणी विचारलं असतं, तरी नागानुमाने आधी तेल बघितलं असतं.

वरच्या गुहेत त्सुकुदा एकटा होता. तिशीचा, बडबड्या, गावाकडे त्याचं न्हाव्याचं दुकान. मेलेल्या नेमबाजाला त्याने ताडपत्रीत गुंडाळून आत सरकवलं होतं आणि आता बंदुकीशेजारी बसून कडक बिस्किटांच्या पुडीतले खडीसाखरेचे खडे वेचून खात होता.

"ये रे, हमाल. बस. खडीसाखर घे."

"नको."

"घे रे. नाहीतरी आपल्याला दात सांभाळून काय करायचंय?" नागानुमाचा चेहरा बघून तो जरा नरमला. "गंमत करतोय. हे बघ, झाडणार मी. तू पेट्या भरायच्या आणि मला द्यायच्या. एवढंच. आणि एक सांगतो, आमची बाई तुमच्या बाईसारखी तेलकट नाही. हिला कोरडं लागतं. समजलं?"

"समजलं," नागानुमा म्हणाला. पण त्याच क्षणी जवळच एक गोळा पडला, गुहा हादरली, आणि समजलेलं सगळं त्याच्या डोक्यातून निघून गेलं. निदान पुढे तो स्वतःला असंच सांगत राहिला.

मग त्सुकुदा पाण्याची सोय बघायला मागच्या भुयारातून गेला आणि नागानुमा पेट्या भरायला बसला. आठ पेट्या, प्रत्येकी तीस काडतुसं. काडतूस बोटांना कोरडं, खरखरीत लागलं. ऐन वेळी अडकलं तर? आपल्यामुळे अडकलं तर? त्सुकुदा कोरडं म्हणाला होता खरा, पण न्हाव्याला काय कळतंय, आणि हलकीवाल्यांची शिस्त सगळ्यांनाच ठाऊक होती. बंदुकीच्या पिशवीत नळी पुसायच्या तेलाची बाटली होती. तो तिच्याकडे नुसता बघत बसला. मग बाहेर आणखी एक गोळा फुटला आणि त्याचा हात आपोआप बाटलीकडे गेला.

त्याने एकेका काडतुसाला बोटाने तेल चोळलं. दोनशे चाळीस काडतुसं. नीट, सगळीकडून, आईने लेकराच्या डोक्याला लावावं तसं. तीन दिवसांत पहिल्यांदाच त्याच्या हातांचा थरकाप थांबला. आपण काहीतरी बरोबर करतोय, असं त्याला वाटलं. वरून भुकटी गळतच होती. ती त्याच्या केसांवर, हातांवर, पेट्यांवर बसत होती. पण तिची आता इतकी सवय झाली होती की तिकडे त्याचं लक्षच गेलं नाही.

त्सुकुदा पाण्याची अर्धी बाटली घेऊन परतला तेव्हा पेट्या ओळीने लावलेल्या होत्या. "वा, हमाल कामाचा निघाला," तो म्हणाला. तेलाचं सांगावं असं नागानुमाच्या एकदा मनात आलं. पण त्सुकुदा हसेल म्हणून तो गप्प बसला. हसण्याला घाबरून माणूस काय काय गिळतो, ह्याचा हिशेबच नाही.

दुपारी तोफा थांबल्या. त्यांचं थांबणं तोफांहून वाईट. शत्रूचं पायदळ किनाऱ्यावरून चढाच्या पायथ्याला भिडलं आणि खालून ब्याण्णव बोलायला लागली. संथ, एका ठेक्यात. नागानुमा वरून ऐकत होता. प्रत्येक तीस गोळ्यांनंतर एक श्वासभर थांबायची. काडतुसांची नवी पट्टी बसवली की पुन्हा सुरू. टाकीत तेल असेल का, हे त्याच्या मनात आलं आणि त्याला स्वतःचंच हसू आलं. इसोगाईंच्या हाती असताना टाकी कोरडी कशी पडेल?

पण ब्याण्णव एका जागची. दहा मिनिटांत तिची जागा शत्रूने हेरली आणि उखळी तोफांचे गोळे तिच्या अलीकडे-पलीकडे पडायला लागले. एक पुढे, एक मागे, मग आणखी जवळ. इतक्यात भुयारातून लेफ्टनंटसाहेबांचा शिपाई वाकत वाकत आला.

"जड मशीनगन वर येतेय, ह्याच गुहेत. भुयारात ती मावत नाही, आणि मधली चाळीस पावलं उघडी आहेत. ती पार होईपर्यंत तुम्ही खालच्यांची डोकी वर येऊ द्यायची नाहीत. तुमची सुरू झाली की ते निघतील."

"येऊ देत," त्सुकुदा म्हणाला आणि बंदुकीचा दस्ता खांद्याला लावला. "चाळीस पावलं म्हणजे तीन पेट्या. नागानुमा, तयार?"

नागानुमाने मान हलवली.

नव्याण्णव तडतडली. पायथ्याशी दिसणारी हिरवी शिरस्त्राणं खडकाआड गेली आणि लगेच खालच्या गुहेपुढच्या खड्ड्यातून चौघे उठले. दांडे खांद्यावर, मधे ब्याण्णव. पुढे हिगुची आणि मोरिवाकी, मागे उजवीकडे नवा पोरगेलासा शिपाई, आणि डावा मागचा दांडा स्वतः हवालदार इसोगाईंच्या खांद्यावर. नागानुमाने ते पाहिलं. ती जागा त्याची होती.

ब्याण्णव खांद्यावर असली की वाकता येत नाही, धावता येत नाही. चौघांची पावलं एकदम पडावी लागतात. ते ताठ उभे राहून, पावलाला पाऊल लावून चढायला लागले, आणि त्यांच्या जिवाला आधार होता तो फक्त वरच्या ह्या खोकल्याचा.

तो खोकला बंद पडला.

त्सुकुदाने दट्ट्या ओढला, अडकलेलं काडतूस झटकलं, पुन्हा चाप दाबला. तीन गोळ्या. पुन्हा बंद. "काय झालं हिला," तो पुटपुटला, पेटी फेकली, दुसरी मागितली. नागानुमाने दिली. एक गोळी. बंद. त्सुकुदाने पेटी उपसली आणि वरचं काडतूस अंगठ्याने बाहेर काढलं. त्याच्यावर पांढरा चिकट थर होता. तेलात भुकटी बसून तिची कणीक झाली होती.

त्याने नागानुमाकडे पाहिलं.

"तेल लावलंस?"

"हो."

"सगळ्यांना?"

नागानुमाने होकारार्थी मान हलवली.

त्सुकुदाने शिवी दिली नाही. दिली असती तर बरं झालं असतं. "फडकं दे," तो म्हणाला. "कोरडं. लवकर."

गुहेत फडकं नव्हतं. होतं नव्हतं ते मेलेल्या नेमबाजाच्या मानेला बांधलं होतं. नागानुमाने सदरा वर केला आणि पोटाला गुंडाळलेला हजार टाक्यांचा पट्टा सोडला. त्याच्या आईने स्टेशनबाहेर बर्फात नऊ दिवस उभं राहून, येणाऱ्या-जाणाऱ्या हजार बायकांकडून त्यात एकेक लाल गाठ घालून घेतली होती. पोराला गोळी लागू नये म्हणून. त्याच पट्ट्याने ते दोघं काडतुसं पुसायला लागले. एक, दोन, तीन. बोटं घसरत होती. बंदुकीचा दट्ट्या पुसला, काडतूस जातं ते तोंड पुसलं. चार, पाच, सहा.

खाली शत्रूलाही कळलं की वरची बंदूक गप्प झाली. शिरस्त्राणं वर आली. चौघे त्या वेळी अर्ध्या वाटेवर होते. दांडे टाकून आडवे पडले असते तर कदाचित वाचले असते. पण ब्याण्णव जमिनीवर आपटायची कशी? तसं करायचं कुणाच्या डोक्यातच आलं नाही. मोरिवाकी आधी पडला. बंदूक कलली. हिगुचीने मोकळा हात घालून पुढची बाजू एकट्याने पेलली आणि तिघे आणखी चार पावलं चढले. नागानुमाला हिगुचीचा चेहरा दिसत होता. तो वर गुहेच्या तोंडाकडे बघत होता. अजून का सुरू होत नाहीत, असं विचारल्यासारखा. मग तोही गेला. त्याच्यामागे तो नवा शिपाई. इसोगाई गुडघ्यावर आले; पण पडता पडता त्यांनी खांदा असा खाली दिला की ब्याण्णव तिच्या तीन पायांवर सावकाश टेकली. जराही आपटली नाही.

"अठरा," त्सुकुदा म्हणाला. "पुरे." त्याने पेटी चढवली आणि अठरा गोळ्या एका दमात झाडल्या. एकही अडकली नाही. खालची डोकी पुन्हा गेली. "पुसत राहा," तो ओरडला. पण शेजारी नागानुमा नव्हता.

तो बाहेर पडला होता. शौर्य वगैरे काही नव्हतं ते. त्याच्या अंगात तेव्हाही कापरं भरलं होतं आणि तोंडाने तो आई आई करत होता. पण त्या गुहेत, त्या पेट्यांशेजारी बसून राहणं बाहेरच्या गोळ्यांपेक्षा भयंकर होतं. त्याने इसोगाईंना बखोटीला धरलं आणि फरफटत वर आणलं. ब्याण्णव तिथंच उन्हात पाय पसरून उभी राहिली. तिला उचलायला आता चार माणसं नव्हती.

गुहेत आणून निजवल्यावर इसोगाईंनी डोळे उघडले. पोटातून रक्त जात होतं; त्यावर दाबायला जे कापड होतं ते तेलाने आणि भुकटीने भरलेलं होतं. नागानुमाने तेच दाबलं.

"बंदूक?" इसोगाईंनी विचारलं.

"उभी आहे, हवालदारसाहेब. धक्का लागला नाही."

"हं." मग त्यांची नजर नव्याण्णवकडे गेली. "ही बंद का पडली?"

त्सुकुदा पेटी भरत होता. त्याचा हात थांबला. त्याने नागानुमाकडे पाहिलं नाही.

नागानुमाने तोंड उघडलं. सांगायचं त्याने ठरवलं होतं. शप्पथ, ठरवलं होतं.

"तेल," इसोगाई म्हणाले. "तेल घातलं नव्हतंस. होय ना?"

बाहेर एक गोळा फुटला. छतातून भुकटी गळली आणि हवालदारांच्या ओल्या कपाळावर बसली.

"होय, हवालदारसाहेब," नागानुमा म्हणाला. "विसरलो."

इसोगाईंनी उजवा हात उचलला. नागानुमाने गाल पुढे केला. आयुष्यात कुठल्याच गोष्टीची त्याने इतकी वाट पाहिली नव्हती. पण तो हात गालापर्यंत पोचला नाही. तो मधूनच खाली आला, चाचपडत सदऱ्याच्या खिशात गेला, आणि त्यातून ती चपटी, चेपलेली डबी निघाली.

"घे," ते म्हणाले. "इथून पुढे विसरायचं नाही. आणि माफी माग तिची."

नागानुमा ताठ उभा राहिला. गुहा बुटकी होती, डोकं छताला लागत होतं. डबी त्याने मुठीत घट्ट धरली होती.

"नव्याण्णव मशीनगनसाहेब," त्याने सुरुवात केली, मोठ्या आवाजात, रिवाजाप्रमाणे. पण तोंड बंदुकीकडे वळेना. तो इसोगाईंकडेच बघत होता. "शिपाई नागानुमाच्या हलगर्जीपणाने... शिपाई नागानुमाच्या..."

"पुढे," इसोगाई हळूच म्हणाले.

"पुन्हा अशी चूक होणार नाही. क्षमा असावी."

"शंभर वेळा," इसोगाई म्हणाले आणि त्यांनी डोळे मिटले.

सातव्या वेळेला त्यांचा श्वास थांबला. त्सुकुदाला ते दिसलं, नागानुमालाही दिसलं. त्सुकुदाने पुसलेल्या काडतुसांची पेटी बंदुकीवर चढवली, दस्ता खांद्याला लावला आणि पुढची पेटी मागायला हात मागे केला. नागानुमाने तिथंच बसून काडतुसं कोरडी करायला घेतली, आणि पुसता पुसता तो मोजत राहिला. आठ. क्षमा असावी. नऊ. क्षमा असावी.